थोरलीच्या जागी काडी

१

मामांच्या धाकटीचं लग्न ज्या वर्षी मोडलं आणि पुढे त्याच मुलाशी पुन्हा ठरलं, त्या वर्षीची ही गोष्ट. पहिल्या पत्रिका रद्दीत गेल्या होत्या. दुसऱ्या छापायला टाकायच्या की अजून थोडं थांबायचं, यावरून मामी आणि धाकटी यांच्यात अबोला चालला होता. अशा घरातून बाहेर पडायला माणसाला कुठलंही निमित्त पुरतं. मामांना भाचीच्या फोनचं निमित्त मिळालं.

"मामा, येता का जरा? माझ्यावर चोरीचा आळ आलाय."

मामा पोलिसातून निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली होती. गुडघा कुरकुरत होता. तरी त्यांनी बूट चढवले.

भाची संग्रहालयात चित्रकार होती. जुन्या दगडी हत्यारांची चित्रं काढायची. प्रत्येक हत्यारावर आदिमाणसानं कुठून कुठून घाव घातले, ते रेघांनी दाखवायचं, एवढंच तिचं काम. त्यात तिची दृष्टी तयार झाली होती. ते काम गेलं तर तशा कामाची दुसरी जागा त्या गावात नव्हती, आणि चोर म्हणून गेलं तर कुठल्याच गावात नव्हती.

संग्रहालयाच्या वरच्या मजल्यावरची लांब खोली संपते तिथे काचेचं कपाट होतं. आत पसरट तबकात वाळू आणि वाळूवर ओळीनं दगडी हत्यारं. मधोमध, सगळ्यांत मानाच्या जागी, तळहातापेक्षा मोठा थेंबाच्या आकाराचा एक खळगा. खळग्यात काही नव्हतं. नाही म्हणायला आगपेटीतली एक काडी होती. न जळलेली, गुल वर करून वाळूत सरळ उभी खोचलेली.

"ही बघा आमची थोरली," संचालक म्हणाले. "म्हणजे होती."

संचालक मध्यम वयाचे, नीटनेटके, बोलताना सारखा चष्मा पुसणारे. त्यांनी सांगितलं ते असं. दीड लाख वर्षांची हातकुऱ्हाड होती, मधाच्या रंगाच्या दगडाची. टेकडीवरच्या उत्खननात संग्रहालयाचे पहिले प्रमुख, ज्यांना सगळे नुसतं 'सर' म्हणत, त्यांना सगळ्यांत आधी सापडली ती हीच. सरांना मूलबाळ नव्हतं, म्हणून लोक कुऱ्हाडीला सरांची थोरली म्हणायला लागले ते कायमचंच. परवा बाहेरून एक तज्ज्ञ येणार होत्या, मोठा मायक्रोस्कोप घेऊन. थोरलीच्या धारेनं कधीकाळी काय कापलं होतं, लाकूड की मांस की कातडं, ते धारेवरच्या झिजेवरून शोधायला.

"आणि नेमकी आता गायब," संचालक म्हणाले. "कुलूप शाबूत. किल्ल्या दोन. एक माझ्याकडे, एक तुमच्या भाचीकडे. आदल्या संध्याकाळी थोरली हिच्याच टेबलावर होती."

"चित्र काढलं आणि परत ठेवली. कुलूप लावलं," भाची म्हणाली. तिचा आवाज आता कोरडा झाला होता. हेच वाक्य ती सकाळपासून म्हणत असावी.

"आणि ही काडी?"

"चोर सिगारेट ओढत असेल," संचालक म्हणाले.

"न पेटवता?" मामा म्हणाले.

संचालकांनी चष्मा पुसला. "हे बघा, तुम्ही हिचे मामा, पोलिसातले, म्हणून सांगतो. परवापर्यंत थोरली मिळाली तर मी काही ऐकलं नाही, पाहिलं नाही. नाही मिळाली तर मला नाव द्यावं लागेल. आणि द्यायला माझ्याकडे एकच नाव आहे."

कपाटाला लावलेली माहितीची पाटी मामांनी वाचली. अक्षरं जुनी, शब्द सरांचे. 'ही घडवणारा हात डावा असावा. टाचेशी दगडाची मूळ साल तशीच राखली आहे, अंगठा टेकायला. या हाताला घाई नव्हती.'

माहितीच्या पाटीवर इतक्या मायेनं कुणी लिहीत नाही, असं मामांच्या मनात आलं. पण त्या क्षणी ते त्यांनी सोडून दिलं.

२

चोरीच्या तपासात मामांची एक खोड होती. वस्तू कुणाला हवी होती, हे ते आधी विचारत नसत. ती तिथे नसलेली कुणाला बरी, हे विचारत.

"थोरली नाहीशी झाली तर तुमचं काय नुकसान?" त्यांनी संचालकांना त्यांच्या खोलीत गाठून विचारलं.

"माझं? अहो, माझी अब्रू जाते! दालनाला सरांचं नाव द्यायचंय. देणगीदार येणारेत. पाहुण्यांना काय, रिकामी वाळू दाखवू?"

"आणि परवा तपासणी झाली असती तर?"

संचालकांचा हात चष्म्यावरच थांबला. "तर काय? धार तपासली असती."

"घाबरला होतात का?"

"तुमच्या भाचीनं काही सांगितलंय का तुम्हाला?" संचालक एकदम म्हणाले, आणि म्हटल्यावर ओठ मिटून बसले.

मामा उठून खाली गेले. भाची तिच्या टेबलाशी पेन्सिलींना टोकं करत बसली होती. करायला दुसरं काही नव्हतं. सगळ्या पेन्सिली आधीच टोकदार होत्या.

"पोरी, तू साहेबांना काय सांगितलंस, जे मला नाही सांगितलंस?"

तिनं खिडकीबाहेर पाहिलं. मग टेबलाच्या खणातून थोरलीची प्रतिकृती काढली. दुकानात विकायला ठेवतात तसली, प्लास्टरची. ती मामांच्या हातात दिली.

"धरून बघा."

मामांनी उजव्या हातात धरली. कडा बोटांना टोचत होती, वजन भलतीकडे जात होतं. डाव्या हातात घेतली तेव्हा अंगठा आपसूक त्या राखलेल्या सालीवर टेकला आणि कुऱ्हाड हातात अशी बसली, जणू हाताचाच भाग.

"छान आहे की."

"फार छान आहे," भाची म्हणाली. "मी या टेकडीची शेकडो हत्यारं काढलीत. थोरलीनंतर सरांना खालच्या थरात जी सापडली ती सगळी. प्रत्येकाचे कंगोरे मातीत, पाण्यात घासून बोथट झालेत. थोरलीचे नाहीत. तांबूस रंग आहे, पण तो वरवर चढलाय. एका खाचेत तर तो पोचलेलाच नाही. भिंगाखाली आठवडाभर बघितली मी." ती थांबली. "मामा, थोरली खोटी आहे. दीड लाख कसलं, माझ्या आईच्या वयाची असेल."

मामांनी प्रतिकृती हळूच टेबलावर ठेवली. "आणि साहेब काय म्हणाले?"

"म्हणाले, परवापर्यंत तोंड शिवून ठेव."

म्हणजे थोरली तपासणीआधी नाहीशी झाली तर ते संचालकांनाही बरंच होतं. आणि भाचीकडे तर आता चोरीला एक कारणही निघत होतं. खोटेपणाचा पुरावा म्हणून तिनं ती लपवली, असं कुणीही म्हणू शकलं असतं.

"सरांना माहितेय हे?"

"दर आठवड्याला येऊन कपाटापुढे बसतात ते. चोरीचं त्यांना कळलंय. पण माझ्यावर आळ आहे हे नाही. त्यांच्या हृदयाला सोसायचं नाही, असा साहेबांचा हुकूम आहे. मामा, तुम्ही गेलात तर बोलू नका. मला स्वतःच्या हातांनी पहिला ब्रश त्यांनी दिलाय."

३

सरांचं घर संग्रहालयाच्या मागच्याच रस्त्यावर होतं. बैठं, पुढे छोटी बाग, बागेच्या कडेला वाफ्याच्या विटांऐवजी फुटक्या दगडांची रांग. दार सरांच्या बायकोनं उघडलं. त्यांना सगळं गाव 'बाई' म्हणे. ठेंगण्या, पाठीत वाकलेल्या. खांदे धरलेले, त्यामुळे हात डोक्याच्या वर जात नव्हते. त्या वर्षी त्या फाटकाबाहेर पडल्या नव्हत्या.

सर मात्र उंच, अजून ताठ. खिडकीशी खुर्चीत बसले होते. आवाज क्षीण झाला होता, नजर नाही.

"चोर पकडायला आलात?" ते म्हणाले. "उशीर केलात. आमच्या कामात दीड लाख वर्षं उशीर झाला तरी चालतो, तुमच्यात नाही चालत."

"आमच्याकडेही चालतो सर. फक्त वरचे ओरडतात."

सर हसले. बाई चहा आणि सफरचंद घेऊन आल्या. बसून सफरचंद चिरायला लागल्या. एकसारख्या पातळ फोडी पडत होत्या. मामांनी पाहिलं, सुरी डाव्या हातात होती.

बाईंनी त्यांची नजर पकडली. "शाळेनं लिहायला उजवा केला हो. बाकी सगळा कारभार डावाच राहिला."

"कैद्यांना शिक्षा म्हणून दगड फोडायला लावतात," सर म्हणाले. "आम्ही लग्न झाल्या झाल्या हौसेनं फोडत बसायचो. मांडीवर कातडं घेऊन, मागच्या अंगणात. आदिमाणसानं हत्यार कसं केलं, ते करून बघितल्याशिवाय कळत नाही."

"हे फोडायचे," बाई म्हणाल्या. "मी आपली कपच्या गोळा करायची."

"ती माझ्यापेक्षा बरी फोडायची," सर म्हणाले.

"काहीतरीच!" बाई जरा जास्तच मोठ्यानं म्हणाल्या आणि बशी उचलून आत गेल्या.

खोलीत एक उंच कपाट होतं. त्यावर छताला टेकतील असे पत्र्याचे डबे रचलेले. प्रत्येकावर कागदाची पट्टी, पट्टीवर साल. फक्त एका डब्याला पट्टी नव्हती. सगळ्या डब्यांवर धूळ साचून राखाडी साय धरली होती. त्या बिनपट्टीच्या डब्याच्या झाकणाच्या कडेवर मात्र बोटांचे ठसे दिसत होते.

"यात काय ठेवलंय, सर?"

"कपच्या. आमच्या घरात कपची फेकत नाहीत. दगडावरून उडालेला प्रत्येक तुकडा काहीतरी सांगतो. माझ्या हाताखाली शिकलेला माणूस एकवेळ जेवण टाकेल, कपची टाकणार नाही."

मामा निघाले. दाराशी सर त्यांच्या मागोमाग आले आणि त्यांच्या बाहीला धरून हलक्या आवाजात म्हणाले, "एक करा. कपाटातली वाळू तेवढी कुणाला हलवू देऊ नका."

"वाळू? वस्तूच गेली, सर. वाळूचं काय राहिलंय?"

सरांनी बाही सोडली. बाई आतून हाक मारत होत्या.

४

रात्री मामांनी घरी फोन लावला.

"आहात कुठे?" मामी म्हणाल्या. "इकडे छापखानेवाला दोनदा येऊन गेला."

"छाप म्हणावं."

"आणि पुन्हा मोडलं म्हणजे?"

"नाही मोडत. एकदा मोडून परत आलेत ना? आता एकमेकांची सगळी खोटं माहीत झालीत त्यांना."

"वा! मला नाही तुमची सगळी माहीत."

"तुला आहेत," मामा म्हणाले. "तू फक्त बोलत नाहीस."

"हे कसं कळलं तुम्हाला?" मामी म्हणाल्या, आणि दोघंही हसले. फोन ठेवल्यावर मामांना मात्र हसू आलं नाही. 'तू फक्त बोलत नाहीस' हे आपलंच वाक्य ते बराच वेळ मनात घोळवत बसले, दुसऱ्या कुणी बोललं असावं तसे.

सकाळी ते पुन्हा संग्रहालयात गेले. जिन्याच्या भिंतीवर जुन्या उत्खननाचे फोटो लावले होते. कालही ते तिथूनच गेले होते, पण गुडघा सांभाळत, खाली बघत. आज एका फोटोपाशी थांबले. खड्ड्याचा तळ, स्वच्छ झाडलेला. तरुण सर उकिडवे बसलेले, शेजारी डोक्याला रुमाल बांधलेल्या बाई. आणि तळभर, इथे तिथे, कपाटातल्या वाळूत होती तसल्याच आगपेटीच्या काड्या. उभ्या. गुल वर.

त्यांनी भाचीला हाक मारली. "या काड्या कसल्या?"

"तेव्हाची पद्धत. जमिनीतून वस्तू उचलली की तिच्या जागी लगेच काडी. नाहीतर मोजमाप घ्यायच्या आत जागा हरवते. आम्ही आता छापील चिठ्ठी ठेवतो. चित्रासाठी कपाटातून काही काढलं तरी—" ती बोलता बोलता थांबली.

"तरी चिठ्ठी ठेवता."

"साहेबही चिठ्ठीच ठेवतात. ते नंतर आले ना." तिचा चेहरा उतरला. "मामा, काडी ठेवणारी माणसं आता दोनच उरलीत."

"त्यातलं एक फाटकाबाहेर पडत नाही. आणि काल दुसऱ्यानं मला बजावलं, वाळू हलवू देऊ नका. चोराला पायांचे ठसे पुसायची काळजी असते. याला आपली काडी पडू नये ही काळजी. कुलूप किती जुनं आहे?"

"सरांच्याच वेळचं."

"मग किल्लीही असेल त्यांच्या जुन्या जुडग्यात. दर आठवड्याला येतात ना कपाटापुढे बसायला?"

"कापडी पिशवी घेऊन," भाची म्हणाली. ती जिन्याच्या पायरीवर बसली. "नको मामा. राहू दे. माझं नाव देऊ देत त्यांना."

"उठ," मामा म्हणाले. "सर चोर आहेत असं मी म्हटलं नाही. पण ते का उचलतील, हे मला कळायचंय. आपली वस्तू खोटी ठरेल म्हणून? ती खोटी आहे हे त्यांना कुणी सांगितलं? तू तर नाही. मग आधीपासून ठाऊक असणार. आणि ठाऊक असून ज्यानं त्या कारागिराविषयी एवढ्या मायेनं लिहिलं—"

वाक्य त्यांनी पुरं केलं नाही. गुडघ्याकडे लक्ष न देता ते भराभर जिना उतरायला लागले.

५

बाई एकट्याच खोलीत होत्या. सर बागेत झाडांना पाणी घालत होते. पाइपचा आवाज येत होता.

"बाई," मामा म्हणाले, "त्या बिनपट्टीच्या डब्यात काय आहे?"

बाई आधी त्यांच्याकडे, मग भाचीकडे बघत राहिल्या. "कपच्या. दुसरं काय असणार?"

"कुठल्या दगडाच्या?"

बाईंनी पदर सावरला.

"उद्या हिचं नाव पोलिसांत जाईल," मामा म्हणाले. "थोरली हिनं चोरली म्हणून."

"हिनं?" बाईंचा आवाज फुटला. "हिचा काय संबंध? मला कुणी बोललं नाही!" त्या खाली बसल्या. थोडा वेळ डावा हात उजव्या हातानं चोळत राहिल्या. मग पाइपच्या आवाजाचा कानोसा घेतला आणि खालच्या आवाजात म्हणाल्या, "काढा तो डबा. माझे हात पोचत नाहीत. उघडायच्या आधी सांगते. थोरली माझी आहे. मी केली."

भाची हलली नाही.

"तेव्हा हंगामामागून हंगाम खड्डा रिकामा निघत होता. वरून पत्र आलं, यंदाचा शेवटचा. ह्यांनी जेवण सोडलं. रात्र रात्र खड्ड्याच्या काठावर बसायचे. मला भीती वाटायला लागली, कशाची ते सांगत नाही. मी माहेरी जाते म्हणाले आणि गेले ती बहिणीच्या परसात दगड घडवत बसले. लोखंडी कढईत गंजाचं पाणी करून त्यात उकळली, मातीत पुरली. परत येऊन खड्ड्यात ठेवली. दुसऱ्या दिवशी ह्यांच्याच हाताला लागली." बाईंनी पदरानं डोळे टिपले. "काय चेहरा होता सांगू! काम पुढे चालू राहिलं, आणि मग खालच्या थरात खरी निघाली, ढिगानं. तेव्हा मी म्हटलं, आता सांगावं. पण ह्यांनी तोवर तिच्यावर लिहून टाकलं होतं."

"आणि कपच्या ठेवल्यात," मामा म्हणाले.

"फेकवेनात हो. ह्यांनीच लावलेली सवय. शंभर डब्यांत एक डबा, कोण बघतंय?" बाई ताठ बसल्या. "तेव्हा लिहून घ्या. केली मी आणि पळवलीही मीच. पोरीला मोकळं करा."

"पळवली कशी? हात तर वर जात नाहीत."

"ते बघेन मी कसं सांगायचं ते."

मामांनी स्टुलावर न चढता डबा काढायचा प्रयत्न केला, जमलं नाही. भाचीनं चढून काढला. झाकण निघालं. वर जुनं मऊ फडकं. फडक्याखाली मधाच्या रंगाच्या कपच्या, लहानमोठ्या, नखाएवढ्या, तळहाताएवढ्या. आणि त्यांच्या मधोमध, अंड्यात बलक असावा तशी, थोरली.

"अगं बाई," बाई म्हणाल्या. त्यांचा हात तोंडावर गेला. "ही मी नाही ठेवली."

पाइपचा आवाज बंद झाला होता.

६

सर दारात उभे होते. चपला ओल्या, हातात पिशवीऐवजी पाण्याचा पाइप तसाच.

"मी ठेवली," ते म्हणाले. "दुसरीकडे कुठे ठेवणार? तिच्या जागीच ठेवली."

बाई त्यांच्याकडे बघत राहिल्या. "तुम्हाला डबा माहीत होता?"

"डबाच काय, मला थोरलीही माहीत होती. खड्ड्यात हाताला लागली, माती पुसली, अंगठा टाचेवर टेकला. तू टाचेशी साल ठेवतेस. अंगणातल्या प्रत्येक दगडाला ठेवायचीस. मी कितीदा म्हणायचो, काढ ती, काढ ती."

"पहिल्याच दिवशी ओळखलीत?"

"पहिल्याच क्षणी."

"मग बोलला का नाहीत?"

"काय बोलू?" सर खुर्चीत बसले. "वर बघितलं तर तू काठावर उभी. माझ्या चेहऱ्याकडे बघत होतीस. तुला वाटलं मी आनंदलो ते कुऱ्हाड सापडली म्हणून." त्यांना धाप लागली. "पुढे खरी सापडली तेव्हा म्हटलं, ही आता सांगेल. मग म्हटलं, नाही सांगत तर राहू दे तिला गंमत. मग लोक थोरली म्हणायला लागले. दरवर्षी बोलणं थोडं थोडं अवघड होत गेलं."

"आणि त्या पाटीवर लिहिलंत ते?"

"ते तुलाच लिहिलं होतं. तू कधी वाचलं नाहीस का?"

"वाचलं," बाई म्हणाल्या. "मला वाटलं त्या आदिमाणसाचं कौतुक चाललंय. मी जळायची त्याच्यावर."

कुणीतरी हसायला हवं होतं. भाचीला आधी हसू आलं, मग रडू.

"तज्ज्ञ यायच्या म्हणून सांगायला संचालक इथे आले होते," सर मामांना म्हणाले. "त्या दिवसापासून ही झोपली नाही. डोळे उघडे ठेवून छताकडे बघत राहायची. म्हणून आणली. वाटलं, नाहीच सापडली तर चार दिवस बोलतील आणि विसरतील. हिच्यापर्यंत गोष्ट यायची नाही."

"ती हिच्यापर्यंत आली," मामा भाचीकडे बोट करून म्हणाले.

"म्हणजे?"

भाचीनंच सांगितलं, खाली बघत, जमेल तेवढं हलकं करून. सर ऐकत होते. ऐकताना त्यांचा चेहरा म्हातारा होत गेला. ऐकून झाल्यावर त्यांनी तिला जवळ बोलावलं.

"भिंगाखाली बघितलीस तू तिला?"

"हो."

"काय दिसलं?"

"कंगोरे ताजे. रंग वरचा. एका खाचेत गंज पोचला नाही."

"कढई लहान होती," बाई पुटपुटल्या.

"शाबास," सर भाचीला म्हणाले. "मग बोलली का नाहीस मला?"

त्या घरात त्या प्रश्नाचं उत्तर नव्यानं द्यायची गरज नव्हती.

भाचीनं डब्यातली एक मोठी कपची उचलली, उलटसुलट केली आणि थोरलीच्या कुशीला लावली. बारीक आवाज करून ती जागच्या जागी बसली. फट दिसेना.

७

दुसऱ्या दिवशी संचालक दालनाच्या दारातच आडवे आले. "सर, मिळाली ना? झालं तर! साफसफाईत कपाटामागे पडली होती असं सांगू. आणि तपासणी पुढे ढकलू. प्रकृतीचं कारण—"

"कुणाच्या प्रकृतीचं?"

"तुमच्या."

"माझी प्रकृती आज फार बरी आहे," सर म्हणाले. "व्हा बाजूला."

एका बाजूला मामा, दुसऱ्या बाजूला भाची, मध्ये बाई. गाडीतून उतरून जिना चढायला त्यांना वेळ लागला, पण त्या चढल्या. तज्ज्ञ तरुण होत्या. मायक्रोस्कोपची पेटी नुकतीच उघडत होत्या. सरांनी थोरली त्यांच्यापुढे ठेवली, शेजारी पत्र्याचा डबा ठेवला आणि उभ्यानंच सगळं सांगितलं. आपण उचलली तेही, आणि आळ कुणावर आला तेही. थोरलीवर लिहिलेलं सगळं आपण मागे घेतो असं म्हणाले. खालच्या थरातली हत्यारं खरी आहेत, ती हवी तेवढी तपासा, असंही म्हणाले. एवढं झाल्यावर त्यांचा आवाज संपला.

दालनाला सरांचं नाव दिलं गेलं नाही. देणगीदारांतले दोघे फिरकले नाहीत. संचालकांनी भाचीची लेखी माफी मागितली. ती लिहिताना किती वेळा चष्मा पुसला असेल, ते कागदावरून कळत नाही. भाचीनं पुढचे कितीतरी महिने थोरली आणि तिच्या कपच्या जोडण्यात घालवले. शेवटी पुन्हा अख्खा दगड तयार झाला, बहिणीच्या परसातून उचलला तेव्हा होता तसा. आता तो खालच्या मजल्यावर असतो, हत्यार कसं घडतं हे मुलांना दाखवायला. पाटी बदलावी लागली. पहिलं आणि शेवटचं वाक्य मात्र सरांचंच ठेवलं, एक शब्द सुधारून. 'ही घडवणारा हात डावा आहे. या हाताला घाई नव्हती.' वरच्या कपाटात मधली जागा रिकामी आहे. वाळूतली काडी भाचीनं कुणाला काढू दिली नाही.

धाकटीचं लग्न झालं. सर आणि बाई आले होते. मामींनी बाईंना मुद्दाम आपल्या शेजारी बसवलं, आणि दोघी नवऱ्यांकडे बघून काहीतरी बोलून हसत होत्या. काय ते मामांना आजवर कळलं नाही.

सर त्या लग्नानंतरच्या पंधरवड्यात गेले. सकाळची वेळ होती, खिडकीशी खुर्चीत बसलेले होते. त्यांना उचलून नेलं तेव्हा बाईंनी स्वयंपाकघरातून आगपेटी आणली आणि एक काडी काढून खुर्चीवर ठेवली. बाई त्यानंतर तीन उन्हाळे जगल्या, आणि चौथा लागायच्या आत, झोपेत गेल्या.